मायक्रोफोनसमोरची पेटी

(रेडिओवर झालेल्या भाषणाचे संपादित रूप)

माझे आजोबा मूकपटाला पेटी वाजवायचे. आम्ही त्यांना दादामियाँ म्हणत असू. मिरजेच्या एका थिएटरात पडद्याखाली, डाव्या अंगाला, एक सतरंजी अंथरलेली असे. तिच्यावर पेटी घेऊन दादामियाँ आणि शेजारी तबलजी. पडद्यावर घोडा धावू लागला की तबल्यावर लग्गी सुरू व्हायची. नायिका रडू लागली की पेटीवर जोगिया. काय वाजवायचे ते मुंबईहून कोणी लिहून पाठवत नसे. चित्रपट एकच, पण त्याचे संगीत मिरजेत वेगळे, सांगलीत वेगळे, आणि दादामियाँना ताप आला तर त्या दिवशी मिरजेतही वेगळे.

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात अर्देशीर इराणी यांचा 'आलम आरा' लागला. मिरजेपर्यंत बोलपट यायला थोडा काळ गेला, पण आला तेव्हा ती सतरंजी गुंडाळली गेली. दादामियाँ ही हकिकत एकाच वाक्यात सांगत. "मशीन गाने लगी, तो हम उठ गए." पुढची सगळी वर्षे त्यांनी पेट्या दुरुस्त केल्या. सूर बसलेल्या पट्ट्या घासणे, फाटलेला भाता चिकटवणे, हेच काम.

आज मात्र मला बोलायचे आहे ते उठून गेलेल्यांविषयी नाही. त्यांच्या जागी जे येऊन बसले त्यांच्याविषयी बोलायचे आहे. म्हणजे बोलपटांचे पहिले संगीत दिग्दर्शक. हा शब्द आज आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की, एके काळी हे पदच अस्तित्वात नव्हते याची आठवण राहत नाही. 'आलम आरा'त सात गाणी होती. त्यांच्या चालींसाठी फिरोझशहा मिस्त्री यांचे नाव सांगितले जाते, पण आज आपण ज्या अर्थाने संगीतकार म्हणतो त्या अर्थाचे मोठे स्थान त्या माणसाला तेव्हा नव्हते. चित्रपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही आणि गाण्यांच्या तबकड्याही निघाल्या नाहीत. वझीर मोहम्मद खान यांनी फकिराच्या भूमिकेत गायलेल्या गाण्याला पेटी आणि तबल्याची साथ होती, एवढे ठाऊक आहे. दादामियाँ ऐकून म्हणायचे, "म्हणजे तेच की आमचं!"

पण ते 'तेच' नव्हते, आणि हीच गोष्ट मला समजावून सांगायची आहे.

'आलम आरा' ज्या पद्धतीने मुद्रित झाला तिच्यात चित्र आणि आवाज एकाच फिल्मपट्टीवर, एकाच वेळी उमटत. आज आपण आवाज वेगळा घेतो, चित्र वेगळे घेतो, नंतर दोन्ही जुळवतो. तेव्हा ती सोय नव्हती. नट गातो आहे, कॅमेरा फिरतो आहे, साथीदार वाजवताहेत, आणि हे सगळे एकदम. गाण्याच्या तिसऱ्या मिनिटाला कोणी खोकला, की पहिल्यापासून पुन्हा. स्टुडिओजवळून रेल्वे जात असे, म्हणून गाड्यांची वर्दळ थांबल्यावर रात्री चित्रीकरण करावे लागे. मायक्रोफोन दिसता कामा नये म्हणून तो कुठेतरी दडवायचा. साथीदारही दिसता कामा नयेत, म्हणून तेही दडवायचे. झाडामागे, पडद्यामागे, कोचामागे.

आता या कोचामागे बसलेल्या माणसांची आणखी एक अडचण बघा. मायक्रोफोन एकच. त्याला कान आहेत, पण आपल्यासारखे निवडक कान नाहीत. मैफलीत आपण गाणाऱ्याकडे लक्ष देतो आणि तबला आपोआप मागे सरकतो. मायक्रोफोनला ते जमत नाही. जे जवळ असेल ते मोठे, जे दूर असेल ते लहान. तबल्याचा डग्गा जरा जवळ आला की गाणारीचा आवाज त्यात बुडून जाई. आज हा समतोल यंत्रावरच्या बटणांनी साधतात. तेव्हा तो माणसे उठवून साधावा लागे. तबलजी, तुम्ही चार हात मागे सरका. सारंगीवाले, तुम्ही पुढे या. पेटी कोपऱ्यात. संगीत दिग्दर्शकाचे पहिले काम चाल लावणे नव्हतेच मुळी. माणसांना कुठे बसवायचे हे ठरवणे, हे त्याचे पहिले काम होते.

या सगळ्या यातायातीतही लोकांना गाणी हवी होती, तीही ताटभर. १९३२ साली कलकत्त्याच्या मादन थिएटर्सनी काढलेल्या 'इंद्रसभा'मध्ये सत्तरच्या आसपास गाणी होती. आज आपल्याला हसू येते. पण त्यांनी जुने गाजलेले नाटकच्या नाटक फिल्मवर ओतले होते, आणि रंगभूमीचा प्रेक्षक गाणी मोजायला नव्हे, ऐकायला येत असे. ओतणे सोपे होते. कमी करणे अवघड, आणि ते कोणाला तरी शिकावे लागणार होते.

आपल्याकडे याचा प्रारंभ कोल्हापुरात झाला. प्रभात फिल्म कंपनीचा पहिला बोलपट 'अयोध्येचा राजा' १९३२ साली आला. दिग्दर्शक व्ही. शांताराम. संगीत गोविंदराव टेंबे यांचे, आणि राजा हरिश्चंद्रही तेच. गोविंदरावांचा जन्म १८८१ चा. म्हणजे नायकाच्या वेषात कॅमेऱ्यासमोर उभे राहिले तेव्हा ते पन्नाशीला आले होते, आज मी आहे साधारण त्या वयाचे. या वयात मला नवा मोबाइल घ्यायचा झाला तरी धडकी भरते. या माणसाने अख्खे नवे शास्त्र अंगावर घेतले.

बरे, गोविंदराव काही नवखे नव्हते. पेटीवादनात त्यांची कीर्ती होती. १९११ साली किर्लोस्कर मंडळीने आणलेल्या खाडिलकरांच्या 'मानापमान'ला त्यांनी चाली दिल्या, आणि ठुमरी-दादऱ्याच्या उत्तरी वळणांनी नाट्यपदाचा चेहराच पालटून टाकला. भास्करबुवा बखल्यांचा सहवास त्यांना लाभला होता. अल्लादिया खाँसाहेबांचे तर त्यांनी पुढे चरित्रच लिहिले. एवढा पुरवठा असलेला माणूस बोलपटाकडे आला, आणि इथे त्याला काय सांगितले गेले? बुवा, आटोपते घ्या.

संगीत नाटकातले पद म्हणजे काय होते, ते आठवा. पद सुरू झाले की कथा थांबायची. हरिश्चंद्राला स्मशानात जायचे असले तरी घाई नाही. श्रोत्यांनी वन्समोअर दिला की पुन्हा. तिसऱ्यांदा नवी तान. पद किती लांबेल ते नटाचा गळा आणि श्रोत्यांची हौस मिळून ठरवीत. बोलपटात पहिल्यांदाच ते आधी ठरवणे भाग पडले. फिल्म किती फूट खर्च होणार, हे मुद्रणाआधी ठाऊक असायला हवे. वन्समोअर देणारा श्रोता समोर नाही. समोर एक यंत्र, आणि ते दाद देत नाही.

'अयोध्येचा राजा' मराठीत आणि हिंदीत असा दोनदा चित्रित झाला. त्या काळी हीच रीत होती, कारण आवाज मागाहून बदलता येत नसे. आता कवी म्हणून मला इथे थांबावेसे वाटते. एकाच प्रसंगाला, एकाच नटाला, दोन भाषांतली पदे. मराठीत आपण शब्दाचे शेवटचे अक्षर दीर्घ करून त्यावर रेंगाळू शकतो. हिंदीत बरेच शब्द व्यंजनाशी येऊन थबकतात. समेवर कोणते अक्षर पडते त्यावर अर्थाचा तोल असतो. मराठीत समेवर 'राजा' आला आणि हिंदीत त्याच जागी नुसता 'का' आला, तर चाल तीच राहूनही गाणे लंगडे होते. हे काम किती किचकट असते ते, ज्याच्या ओळींना कोणी चाल लावली आहे अशा कुठल्याही कवीला विचारा.

चित्रपटात तारामती झालेल्या दुर्गाबाई खोटे स्वतःच्या गळ्याने गायल्या. त्या काही पेशाने गायिका नव्हत्या. पण दुसऱ्याचा आवाज वापरण्याची सोयच नसल्यामुळे जो दिसेल त्यानेच गायचे, असा नियम होता. तेव्हा चाल गळ्याकडे बघून लावायची. शिंप्याने माप घेतल्याशिवाय कापड कापू नये, तसे.

गोविंदरावांविषयी आणखी एक सांगतो, कारण हे बोलणे रेडिओसाठी आहे. १९४० साली ऑल इंडिया रेडिओने पेटीवर बंदी घातली. पेटीच्या पट्ट्यांत आपल्या श्रुती बसत नाहीत, असा आक्षेप होता. आक्षेपात तथ्य नव्हते असे नाही. पण ज्या वाद्यावर गोविंदरावांनी आयुष्य वेचले ते रेडिओवर वर्ज्य झाले. १९५५ साली ते गेले तेव्हाही बंदी होतीच. ती सैल व्हायला सत्तरचे दशक उजाडले. आमच्या घरी दादामियाँ रेडिओला 'सौतन' म्हणत ते उगीच नाही.

१९३३ साली प्रभात पुण्याला आली आणि त्याच सुमारास तिथे केशवराव भोळे दाखल झाले. माझ्या मते मराठी बोलपटाच्या संगीतातला खरा विचार करणारा माणूस हाच. वैद्यकीचे शिक्षण अर्धवट सोडलेले, 'एकलव्य' या टोपणनावाने गवयांवर लेख लिहिणारे. १९३३ मध्ये नाट्यमन्वंतरच्या 'आंधळ्यांची शाळा' या नाटकाला त्यांनी संगीत दिले होते. त्यात पदे थोडकी आणि आटोपशीर होती, बोलण्याच्या ओघातून उगवलेली. पियानो, हवाईयन गिटार, व्हायोलिन अशी वाद्ये वापरण्याचा त्यांना संकोच नव्हता, आणि अमुक वाद्य विलायती म्हणून ते आधुनिक, असा भाबडेपणाही नव्हता.

भोळ्यांना काय उमगले होते, हे पाहायचे तर १९३६ चा 'संत तुकाराम' पाहावा. दामले आणि फत्तेलाल यांचे दिग्दर्शन, विष्णुपंत पागनीस तुकाराम. सुरुवातीलाच तुकाराम अभंग गातो. साधा, घरगुती, टाळ-वीणेच्या चालीवरचा. मग तेच शब्द सालोमालो आपले म्हणून देवळात गातो. शब्द तेच, पण आता त्यांना नाटकी मुरका आला आहे, ऐकणाऱ्यांकडे डोळा आला आहे. एक वाक्यही न बोलता आपल्याला कळते की खरा कोण आणि चोर कोण. अभंगाचा अर्थ दोन्हीकडे एकच. फरक फक्त चालीचा. भोळ्यांनी या जागी चालीकडून संवादाचे काम करून घेतले आहे. मला विचाराल तर संगीत दिग्दर्शक या शब्दातला 'दिग्दर्शक' मला पहिल्यांदा समजला तो इथे.

याच चित्रपटातली दुसरी गोष्ट प्रसिद्ध आहे. एका प्रसंगासाठी तुकोबांचा योग्य अभंग मिळेना, म्हणून शांताराम आठवले यांनी नवाच अभंग लिहिला. तो इतका अस्सल उतरला की तो गाथेत कुठे आहे याचा शोध जाणकारांनी घेतला. याचे श्रेय आठवल्यांचे आहेच. पण माझा एक किंतु आहे. ते शब्द जर एखाद्या नाट्यपदाच्या ठाशीव चालीत आले असते, तर कोणी गाथा उघडायला धावले असते का? वारकऱ्याच्या ओठांवर बसेल अशी चाल होती, म्हणून शब्दही तिथलेच वाटले. चालीने शब्दांची साक्ष काढली.

पुढच्याच वर्षी, १९३७ मध्ये, 'कुंकू' आला. म्हाताऱ्याशी फसवून लग्न लावून दिलेल्या मुलीची ही कथा. यात संगीत भोळ्यांचे, आणि पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. वाद्यवृंद मागून हुंदके देत नाही. जे ऐकू येते ते त्या घरातले आवाज. शांता आपटे गातात तेही प्रसंगातच, आणि त्यात लाँगफेलोची एक इंग्रजी कविता चक्क इंग्रजीतच. हाताशी उत्तम वाद्ये, उत्तम वादक असताना ती गप्प बसवणे याला काय म्हणायचे? कल्पना दिग्दर्शकाची असेल, पण संगीतकाराने ती मनापासून मानली नसती तर इतकी निभली नसती. दादामियाँच्या पडद्याखालच्या सतरंजीवर क्षणभर थांबणेही गुन्हा होता. पेटी थांबली की प्रेक्षक ओरडत. सहा वर्षांत इथवर मजल गेली.

शब्द आणि चाल यांच्या या भांडणात माझाही एक किस्सा आहे. काही वर्षांपूर्वी एका छोट्या माहितीपटासाठी माझी कविता घेतली. चाल लावणारा मुलगा पंचविशीचा. भीत भीत म्हणाला, "सर, दोन ओळी काढाव्या लागतील, आणि 'उद्ध्वस्त' गाता येत नाही." मी भडकलो. 'उद्ध्वस्त' हा माझ्या कवितेचा कणा होता. मी त्याला चार गोष्टी ऐकवल्या आणि घरी आलो. रात्री सगळे झोपल्यावर बाथरूममध्ये जाऊन मी तो शब्द गाऊन पाहिला. द ला ध, त्याला व, मग लगेच स ला त. दीर्घ सूर ठेवायला जागाच नाही, घसा जात्यात अडकल्यासारखा. सकाळी फोन करून 'उजाड' घातला. 'उजाड'मधल्या 'जा'वर त्याने असा काही सूर ठेवला की तिथे खरोखरच एक रिकामे घर दिसले. दोन ओळीही गेल्या. त्या अजून दुखतात, हे कबूल करतो. पण भोळ्यांचे 'माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन' हे पुस्तक त्यानंतर मी वाचले ते वेगळ्या नम्रतेने.

प्रभातचे दुसरे मोठे संगीतकार मास्टर कृष्णराव, म्हणजे कृष्णराव फुलंब्रीकर. भास्करबुवांचे लाडके शिष्य, मैफलीचे बादशहा. गंधर्व नाटक मंडळीत त्यांनी नाटकांना चाली दिल्या होत्या. १९३५ साली 'धर्मात्मा'त एक विलक्षण योग आला. एकनाथांच्या भूमिकेत बालगंधर्व, आणि संगीत कृष्णरावांचे. ज्या गळ्याला त्यांनी रंगभूमीवर रात्रभर मोकळे सोडले होते, त्याच गळ्याला आता मिनिटांत बांधायचे. बालगंधर्वांचे प्रभातशी नाते त्या एका चित्रपटापुरतेच राहिले, ते रंगभूमीकडे परतले. कृष्णराव मात्र राहिले. गुरूकडून मिळालेली अमाप विद्या वाटीत कशी मावते याचा त्यांनी शोध घेतला. १९३९ च्या 'माणूस'मध्ये शांता हुबळीकर यांच्या तोंडी त्यांनी एकाच गाण्यात कितीतरी भारतीय भाषा घातल्या, आणि भाषा पालटली की चालीचा पेहरावही पालटतो. मैफलीतला गवई हे करायला धजला नसता. ते गाणे आजही लोक गुणगुणतात.

ही सगळी मंडळी शिकली कुठे? शाळा नव्हतीच. एकमेकांच्या हाताखाली शिकली. सिंधुदुर्गातल्या सोनवड्याचे वसंत देसाई प्रभातमध्ये पडेल ते काम करत वाढले. पुढे १९४३ चा 'शकुंतला' त्यांच्या नावावर आला.

आता पुण्याहून मुंबईला, मालाडला जाऊ. तिथे १९३४ साली हिमांशु राय यांनी बाँबे टॉकीज उभी केली आणि संगीत सोपवले एका तरुण पारशी बाईंकडे. त्यांचे खरे नाव खुर्शीद होमजी. पंडित भातखंडे यांच्याकडे त्या शिकलेल्या. बहिणींसह मुंबई रेडिओवर 'होमजी सिस्टर्स' म्हणून गात. १९३५ च्या 'जवानी की हवा'च्या वेळी पारशी समाजातून मोठा विरोध झाला. आमच्या घरच्या मुली सिनेमात? विरोध इतका, की खुर्शीदच्या सरस्वती देवी झाल्या आणि बहीण माणेक चंद्रप्रभा झाली. चाली तिच्या, पण नाव दुसरीचे. गाण्याला नावे बदलून यावे लागते, हे आमच्या मोहल्ल्यात कोणाला नवीन नव्हते. पण शिकल्यासवरलेल्या, खात्यापित्या घरातल्या मुलीलाही ते चुकले नाही, हे वाचले तेव्हा मला धक्का बसला होता.

त्याच चित्रपटाच्या वेळी चंद्रप्रभेचा घसा बसला. तिने नुसते ओठ हलवले आणि कॅमेऱ्याआडून सरस्वती देवी गायल्या. गरज म्हणून केलेली ती युक्ती. १९३६ च्या 'अछूत कन्या'त तर अशोककुमार आणि देविका राणी, दोघेही गवई नव्हेत. सरस्वती देवींनी रागदारी बाजूला ठेवून अशा चाली केल्या, ज्या कुणीही नीट बोलणारा माणूस गाऊ शकेल. जे नटांना जमले ते रस्त्यावरच्या माणसालाही जमले. नाट्यपद ऐकून घरी आलेला माणूस ते गाण्याचा प्रयत्न करी आणि तानेशी येऊन लाजून थांबे. या गाण्यांत लाजण्यासारखी जागाच नव्हती. चित्रपटाचे गाणे सगळ्यांचे झाले त्यात या कच्च्या गळ्यांचा मोठा वाटा आहे. पंडितांना हा ऱ्हास वाटला. मला वाटत नाही.

तोवर कलकत्त्यात न्यू थिएटर्सने मोठीच उडी मारली होती. १९३५ साली नितीन बोस यांच्या 'भाग्यचक्र' या बंगाली आणि 'धूप छाँव' या हिंदी चित्रपटांत गाणे आधी मुद्रित करून मग त्यावर चित्रीकरण करण्यात आले. संगीत रायचंद बोराल आणि पंकज मल्लिक यांचे, ध्वनिमुद्रण मुकुल बोस यांचे. पंकजबाबू घरी तबकडीबरोबर गात असताना नितीनबाबूंनी पाहिले आणि त्यांना ही कल्पना सुचली, असे सांगतात. पार्श्वगायन ते हेच. साथीदार झाडामागून बाहेर आले आणि पंख्याखाली बसले. संगीतकाराला हवा तो गळा निवडता येऊ लागला, हवी तितकी वाद्ये बसवता येऊ लागली. आणि ज्यांना गाता येत होते, म्हणून जे नट होते, त्यांची सद्दी हळूहळू संपत गेली. यंत्राने आणखी एक सतरंजी गुंडाळली, दुसरे काय.

याच पंकजबाबूंनी १९३७ च्या 'मुक्ती'साठी रवींद्रनाथांच्या 'खेया' संग्रहातली एक कविता चाल लावून घेतली. गुरुदेवांनी संमती दिली. स्वतःच्या गाण्यांच्या स्वरांबाबत काटेकोर असलेल्या कवीने एका तरुणाची चाल मान्य केली! हे वाचताना मला माझी आणि त्या पंचविशीतल्या मुलाची आठवण येते आणि मान खाली जाते.

मुंबईत तेव्हा उस्ताद झंडे खाँ होते. १९४१ च्या 'चित्रलेखा'तली बहुतेक गाणी त्यांनी एकट्या भैरवीत बांधली, आणि एक दुसऱ्यासारखे होऊ दिले नाही. त्यांच्या वाद्यवृंदात पियानो वाजवणारा लखनौचा एक होतकरू मुलगा होता, नौशाद. नौशादसाहेबांनीच सांगितलेली गोष्ट आहे. त्यांचे लग्न ठरले तेव्हा घरच्यांनी मुलीकडे सांगितले की मुलगा शिवणकाम करतो. संगीतकार म्हटले असते तर मुलगी मिळाली नसती. आणि वरातीत बँड वाजवत होता ती त्यांच्याच 'रतन'ची गाणी. अशा गाण्यांनी पोरे बिघडतात, असे वडीलधारे म्हणत होते, आणि नवरदेव मुकाट ऐकत होते.

ही गोष्ट मी दादामियाँना सांगितली तेव्हा ते हसले नाहीत. दहावीला होतो मी. त्यांच्या निकाहाच्या वेळी मुलीकडे काय सांगितले होते, असे मी विचारले. ते म्हणाले, "लकड़ी का काम." पेटी लाकडाचीच असते, तेव्हा अगदीच खोटे नव्हते.

एकदा संध्याकाळी रेडिओवर प्रभातचे एक जुने गाणे लागले होते. मी शब्द ऐकत होतो. दादामियाँ डोळे मिटून, कान संचाला लावून बसले होते. गाणे संपल्यावर मी विचारले, कसे वाटले? गाण्याविषयी ते काही बोलले नाहीत. पेटीवाल्याला फार मागे बसवले आहे, म्हणाले. भिंतीला टेकून बसला असेल बिचारा.